ऐकण्याची सुबत्ता, वाजविण्याची टंचाई

२०२५ च्या जानेवारीत कोल्डप्ले या ब्रिटिश वाद्यवृंदाचे तीन कार्यक्रम नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर झाले. तिकिटांचे दर २,५०० रुपयांपासून ३५,००० रुपयांपर्यंत होते. विक्री सुरू होताच तिकिटे संपली आणि काळ्या बाजाराची चर्चा वृत्तपत्रांतून बरेच दिवस गाजली. त्याच सुमारास कामठ्याचा एक विद्यार्थी तास संपल्यावर वर्गाबाहेर थांबला. हा मुलगा लग्नसराईत धुमाल पार्टीत वाजवितो, रोवणीच्या दिवसांत वडिलांबरोबर बांधीत उतरतो आणि उरलेल्या वेळात भ्रमणध्वनीवर मेटॅलिका, निर्वाणा, गन्स अँड रोझेस यांची तीस-पस्तीस वर्षांपूर्वीची गाणी ऐकतो. तिकिटांच्या दरांविषयी तो काही विचारील, अशी माझी अपेक्षा होती, कारण त्याच आठवड्यात मी मागणी व पुरवठा शिकवीत होतो. त्याने विचारले ते वेगळेच. "ऐकाले त सारंच भेटते जी सर, पन वाजवावं कुठं?"

या प्रश्नाला माझ्याजवळ तत्काळ उत्तर नव्हते. पुढे विचार करू लागलो, तेव्हा ध्यानात आले की, ऐंशी व नव्वदच्या दशकांतील इंग्रजी रॉक संगीताचा आपल्याकडील सारा इतिहास या एका वाक्यात सामावलेला आहे. कोणत्याही संगीताला दोन गोष्टी लागतात : ऐकावयास ते सहज मिळावे लागते आणि वाजविणाऱ्याला उभे राहावयास जागा मिळावी लागते. त्या काळी पहिली गोष्ट दुर्मिळ होती आणि दुसरी, निदान मुंबईत, परवडण्याजोगी होती. आज ऐकणे जवळजवळ फुकट झाले आहे, पण उभे राहण्याची जागा महागली आहे. पहिला प्रश्न बाजारपेठेने सोडविला. दुसरा बाजारपेठ सोडवील, असे मानण्यास मात्र काही आधार दिसत नाही. या लेखाचा मुद्दा एवढाच आहे.

टंचाईचे दिवस

१९९१ पूर्वीची आपली अर्थव्यवस्था परवान्यांची व आयात निर्बंधांची होती. त्या वर्षीच्या जुलैतील अर्थसंकल्पाने आयात शुल्काचा कमाल दर १५० टक्क्यांवर खाली आणला, यावरूनच तो आधी किती असेल, याची कल्पना यावी. अशा वेळी परदेशी तबकडी वा विजेवरची गिटार ही सामान्य माणसाच्या विचाराबाहेरची वस्तू होती. एच.एम.व्ही. आणि १९८२ मध्ये भारतात आलेली सी.बी.एस. या कंपन्या काही निवडक परदेशी संगीत इथेच छापून विकत असत. त्यातले त्यांना खपेलसे वाटे तेवढेच बाजारात येई. गिटारी कलकत्त्यात बनत, आणि त्यांतल्या एका प्रसिद्ध गिटारीचे नाव होते 'गिवसन'. अमेरिकेतील 'गिब्सन' आणि आपली 'गिवसन' यांत एका अक्षराचा फरक. आयातीला पर्याय शोधण्याचे धोरण शिकविताना मी हे उदाहरण आवर्जून देतो. पोलाद आणि खते यांच्या आकड्यांपेक्षा ते विद्यार्थ्यांच्या अधिक लक्षात राहते.

प्रस्तुत लेखकाचे बालपण कामठ्यातच गेले. जुन्या जमीनदारीचे हे गाव तेव्हा भंडारा जिल्ह्यात होते, गोंदिया जिल्हा व्हावयास १९९९ चा मे महिना उजाडावयाचा होता. गोंदिया हे मुंबई-हावडा मार्गावरचे मोठे जंक्शन असल्याने बाहेरच्या जगातील वस्तू रेल्वेत नोकरी करणाऱ्यांच्या पेटाऱ्यांतून आमच्यापर्यंत पोहोचत. माझ्या एका नात्यातील दादाने १९९३ च्या सुमारास नागपुराहून एक कॅसेट आणली. ती मूळ कॅसेट नव्हती, एका प्रतीची प्रत होती. त्या काळी कोऱ्या कॅसेटवर हवी ती गाणी भरून देणारी दुकाने गावोगाव असत. त्यांचा व्यवसाय कायद्याला धरून नव्हता, हे आज मी जाणतो. तेव्हा मात्र जगातील संगीताचे आमचे वाचनालय तेच होते. टेपरेकॉर्डरचे सेल उतरले की, आम्ही ते अंगणात उन्हात तापवीत असू, म्हणजे आणखी एखादे गाणे निघे.

आमच्या पिढीची इंग्रजीशी ओळख पाचवीत झाली, कारण पहिलीपासून इंग्रजी सुरू झाले ते २००० मध्ये. तेव्हा गाण्यातले शब्द आम्हाला कळत होते, असे म्हणणे खोटेपणाचे होईल. ऐकू येतील तसे शब्द मी देवनागरीत वहीत लिहून घेई आणि अर्थ पुढे शब्दकोशात शोधी. पुष्कळदा तो सापडत नसे, कारण मुळात शब्दच चुकीचा ऐकलेला असे. पण ढोलाचा ठोका कळत होता. मंडईत दंडार पाहत वाढलेल्या पोराला ठोक्याचा अर्थ कुणी समजावून द्यावा लागत नाही.

रंगभवनाची गोष्ट

त्याच वर्षांत मुंबईत काय चालले होते, ते पाहणे उद्बोधक ठरेल. १९८४ मध्ये तेथे रॉक मशीन नावाचा वाद्यवृंद स्थापन झाला. उदय बेनेगल हे त्याचे गायक आणि महेश तिनईकर हे गिटारवादक. परदेशी गाण्यांच्या नकला न करता आपली गाणी आपण रचावयाची, ही त्यांची प्रतिज्ञा. १९८८ मध्ये त्यांचा 'रॉक अँड रोल रेनेगेड' हा संग्रह आला, १९९३ मध्ये त्यांनी 'इंडस क्रीड' असे नाव धारण केले आणि १९९७ मध्ये हा वाद्यवृंद विसर्जित झाला. पुढे २०१० मध्ये तो पुन्हा एकत्र आला. गोव्यात रेमो फर्नांडिस यांनी १९८४ मध्ये शिवोलीच्या आपल्या घरीच 'गोवन क्रेझी' हा संग्रह ध्वनिमुद्रित केला आणि त्याच्या कॅसेटी स्कूटरवरून दुकानोदुकानी स्वतः नेऊन विकल्या. गीतकार, वादक, तंत्रज्ञ, उत्पादक व वितरक असे सारे घटक एकाच माणसात एकवटल्याचे इतके स्वच्छ उदाहरण अर्थशास्त्राच्या पाठ्यपुस्तकातही सापडणार नाही.

पण रेमो यांच्यासारखा माणूस अपवाद असतो. बाकीच्यांना मंच लागतो, आणि तो मुंबईत होता. धोबी तलावाजवळील रंगभवन हे राज्य सरकारचे खुले नाट्यगृह. १९७८ मध्ये पहिली जॅझ यात्रा तेथेच भरली आणि १९८६ पासून फरहाद वाडिया यांनी सुरू केलेला 'इंडिपेंडन्स रॉक' हा महोत्सव स्वातंत्र्यदिनाच्या सुमारास तेथे होऊ लागला. मुंबईचे व मुंबईबाहेरचे तरुण वाद्यवृंद त्या मंचावर उभे राहिले. काही चांगले वाजवीत, काही वाईट वाजवीत. श्रोते दोघांनाही तोंडावर सांगत. सरकारी मालकीच्या मोकळ्या जागेत, विद्यार्थ्याला परवडेल अशा तिकिटात हे घडत होते, याकडे मला वाचकांचे लक्ष वेधावयाचे आहे. त्या सरकारने रॉक संगीताला उत्तेजन देण्याचे काही धोरण आखले होते, असे नाही. त्याने फक्त एक नाट्यगृह बांधून ठेवले होते.

मंचाने काय होते, याचे याहूनही जुने उदाहरण आपल्या सातारा जिल्ह्यात आहे. झांझिबारमध्ये १९४६ साली जन्मलेला फारुख बल्सारा हा पारशी मुलगा पन्नासच्या दशकात पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत शिकावयास आला. शाळेत त्याला पियानो मिळाला आणि 'हेक्टिक्स' नावाच्या शालेय वाद्यवृंदातून वाजविण्यासाठी मंच मिळाला. हाच मुलगा पुढे फ्रेडी मर्क्युरी म्हणून जगाला माहीत झाला. १३ जुलै १९८५ रोजी लंडनच्या वेम्ब्ली स्टेडियमवर इथिओपियातील दुष्काळग्रस्तांसाठी झालेल्या कार्यक्रमात 'क्वीन' या वाद्यवृंदासह त्याने केलेले गायन आजही त्या दशकातील सर्वोत्कृष्ट म्हणून सांगितले जाते. पाचगणीतील पियानो नसता, तर तो झालाच नसता, असे विधान मी करणार नाही. पण दहा-बारा वर्षांच्या वयात त्याला वाजवावयास जागा मिळाली होती, एवढे मात्र खरे.

ऐकणे स्वस्त झाले, मंच गेला

१९९१ मध्ये स्टार टीव्हीबरोबर एम.टी.व्ही. ही संगीतवाहिनी आपल्याकडे दिसू लागली. १९९३ मध्ये तेव्हाच्या अलाहाबादसारख्या हिंदी भाषक शहरातून अमित सैगल यांनी 'रॉक स्ट्रीट जर्नल' हे नियतकालिक काढले. १९९५ मध्ये डीप पर्पल व बॉन जोव्ही यांचे कार्यक्रम भारतात झाले. कॅसेटीची जागा तबकडीने, तबकडीची आंतरजालाने घेतली. आज कामठ्यातील मुलाजवळ जेवढे संगीत आहे, तेवढे १९८६ साली रंगभवनात वाजविणाऱ्या कुणाजवळही नव्हते. उदारीकरणाचे हे यश आहे आणि ते मान्य करण्यात कोणी संकोच करू नये.

परंतु याच काळात रंगभवन बंद पडले. ध्वनिप्रदूषण नियंत्रणाचे नियम २००० मध्ये आले. रुग्णालये, शिक्षणसंस्था व न्यायालये यांच्या भोवतालचा १०० मीटरचा परिसर शांतता क्षेत्र ठरू लागला, आणि रंगभवनाच्या शेजारी रुग्णालये व महाविद्यालय दोन्ही आहेत. तेथील मोठ्या आवाजाचे कार्यक्रम थांबले. मी या नियमांना नावे ठेवणार नाही. रुग्णाची झोप ही गिटारवादकाच्या हौसेपेक्षा निश्चितच मोलाची आहे. तक्रार आहे ती पुढच्या पावलाची. एक सार्वजनिक मंच बंद करताना त्याच्या बदल्यात दुसरा, वस्तीपासून दूर व तितकाच स्वस्त, उभा करण्याचे कर्तव्य कोणाला आठवले नाही. आज मराठी वाचकाला 'रंगभवन गल्ली' हे शब्द माहीत आहेत ते २६ नोव्हेंबर २००८ च्या काळरात्रीमुळे. हेमंत करकरे, अशोक कामटे व विजय साळसकर हे अधिकारी त्या गल्लीत धारातीर्थी पडले. त्या गल्लीला जिच्यावरून नाव मिळाले, ती वास्तू कशासाठी होती, हे सांगू शकणारे आता थोडेच असतील.

शासनाची दृष्टी मोठ्या कार्यक्रमांकडे मात्र सदैव राहिली. १ नोव्हेंबर १९९६ रोजी मायकेल जॅक्सन यांचा कार्यक्रम मुंबईत झाला, तेव्हा राज्य सरकारने त्याचा करमणूक कर माफ केला. मुंबई ग्राहक पंचायतीने त्याविरुद्ध न्यायालयात धाव घेतली, २०११ मध्ये उच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द केला आणि २०२१ मध्ये मंत्रिमंडळाने पुन्हा करमाफीच्या बाजूने निर्णय घेतला. रक्कम तीन कोटी रुपयांहून थोडी अधिक, पण त्या रकमेत जिल्ह्याच्या ठिकाणी किती साधी सभागृहे सुधारली असती, याचा हिशेब कोणी केला नाही. आता करमणूक कर वस्तू व सेवा करात विलीन झाला आहे आणि ५०० रुपयांपर्यंतच्या तिकिटाच्या संगीत कार्यक्रमाला हा कर माफ आहे. म्हणजे लहान कार्यक्रमाची अडचण कराची नाही. तो करावयाचा कुठे, ही अडचण आहे.

याचा परिणाम काय झाला? रॉक संगीत मोठ्या शहरांतील महागड्या क्लबांत आणि प्रायोजकांच्या महोत्सवांत गेले. 'हे इंग्रजी शाळेत शिकलेल्या श्रीमंतांच्या मुलांचे संगीत आहे' असा आक्षेप ऐंशीच्या दशकात घेतला जाई, आणि तो पुष्कळसा खरा होता. पुढच्या पिढीत नागपूर, गोंदिया, लातूर येथील मुलांनी तो खोटा पाडावयास हवा होता. त्यांच्यापर्यंत गाणी पोहोचलीही, पण मंच त्यांच्यापर्यंत पोहोचला नाही. म्हणून जे वर्गीय कुंपण भाषेने घातले होते, ते जागेच्या भाड्याने कायम राखले. या मुलांनी रॉकमध्ये झाडीबोलीतले शब्द घातले असते, की ते इंग्रजीतच गायले असते, हे आपल्याला कधीच कळले नाही.

परके आणि आपले

यावर एक आक्षेप येणार, हे मी जाणतो. झाडीपट्टीला स्वतःची दंडार आहे, नाटक आहे, मग परक्या संगीताचा हा पुळका कशासाठी? आक्षेप घेणाऱ्यांनी आपल्या नाटकातील संवादिनीकडे पाहावे. ही पेटी युरोपातून आली. आकाशवाणीने १९४० मध्ये तिच्यावर बंदी घातली आणि ती शिथिल व्हावयास १९७१ साल उजाडले. तोवर गोविंदराव टेंब्यांसारख्या वादकांनी तिला मराठी करून टाकले होते. वाद्य कोठून आले, याला फारसे महत्त्व नसते. ते इथे रुजते की नाही, हे त्याला मिळणाऱ्या मंचावर ठरते.

किंबहुना मंचाचे महत्त्व आमच्या झाडीपट्टी रंगभूमीइतके दुसरे कोणी सिद्ध केलेले नाही. वडसा येथून निघणाऱ्या नाटक मंडळ्या दिवाळीनंतर भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या जिल्ह्यांत गावोगाव फिरतात. धान घरात आलेले असते, गावात मंडई किंवा शंकरपट असतो, गावातीलच मंडळ मांडव घालते, तिकिटे विकते आणि लोक रात्रभर नाटक पाहतात. या रंगभूमीवर आता पेटी-तबल्याशेजारी विजेवरचा की-बोर्ड आणि ऑक्टोपॅड आले आहेत आणि त्याबद्दल कोणी शोक केलेला मी तरी ऐकला नाही. दूरदर्शन आले, चित्रफिती आल्या, भ्रमणध्वनी आला, तरी हे नाटक टिकले, याचे कारण त्याचा मंच गावाच्या मालकीचा आहे. मुंबईच्या रॉकला रंगभवन होते तोवर होते. झाडीपट्टीला दर गावात एक रंगभवन आहे, फक्त ते बांबूचे आणि ताडपत्रीचे आहे.

आवाजाचा प्रश्न खरा आहे. डी.जे.च्या भिंतींनी आणि रस्त्यावरील धुमालने म्हातारी माणसे व परीक्षार्थी मुले हैराण होतात, आणि माझा विद्यार्थीही त्यातला एक वाजविणारा आहे, हे मी लपवीत नाही. पण तो रस्त्यावर वाजवितो, याचे एक कारण रस्त्याखेरीज त्याला दुसरी जागा नाही, हेही आहे. निवासी भागात दिवसा ५५ व रात्री ४५ डेसिबल ही कायद्याने ठरविलेली मर्यादा पाळावयाची असेल, तर बंद दारांची सभागृहे आणि वस्तीबाहेरची मैदाने ठरावीक वेळी खुली करून देणे, हाच व्यवहार्य मार्ग आहे. मंचाच्या मागणीत शांततेचीही मागणी अंतर्भूत आहे.

तेव्हा करावयाचे काय? मोठ्या योजनेची आवश्यकता नाही. जिल्ह्यातील शाळा, महाविद्यालये, ग्रामपंचायतींची समाजमंदिरे आणि नगरपरिषदांची सभागृहे वर्षातील बहुतेक दिवस कुलूपबंद असतात. त्यांतील प्रत्येकी एकाने महिन्यातून दोन दुपारी नाममात्र भाड्यात तरुण वादकांना जागा द्यावी. ड्रमचा एक संच व ध्वनिवर्धकाची एक जोडी तालुक्यात सामायिक असावी. एकट्या विद्यार्थ्याला ती परवडत नाही, पण चार महाविद्यालयांनी मिळून घेतल्यास तो खर्च प्रत्येकाला किरकोळ वाटेल. विद्यापीठांच्या युवक महोत्सवांत पाश्चात्य गायन व वादन हे प्रकार आहेत. ग्रामीण महाविद्यालयांच्या प्रवेशिकेत ते रकाने रिकामे जाताना मी वर्षानुवर्षे पाहत आलो आहे. ते भरणारी मुले आपल्याच वर्गात मागच्या बाकावर बसलेली असतात. आणि राज्य सरकारने रंगभवनाच्या तोडीचे, शांतता क्षेत्राबाहेरचे एक खुले नाट्यगृह मुंबईत व एक विदर्भात बांधावे. त्यात तमाशा व्हावा, दंडार व्हावी, रॉकही व्हावे.

अर्थशास्त्रात ज्यांना सार्वजनिक हिताच्या वस्तू म्हणतात, त्यांचे लक्षण असे की, समाजाला त्या हव्या असतात, पण नफ्याच्या हिशेबात त्या पुरेशा उत्पन्न होत नाहीत. वाचनालय अशी वस्तू आहे, मैदान अशी वस्तू आहे, तसाच मंचही आहे. पस्तीस हजारांचे तिकीट घेणाऱ्यांसाठी बाजारपेठ समर्थ आहे. तिच्या कामात सरकारने लक्ष घालण्याचे कारण नाही. लक्ष घालावयाचे ते ज्याला तिकीट नको आहे, वाजवावयास जागा हवी आहे, अशा मुलासाठी.

त्या मुलाचे पुढे काय झाले, ते सांगून लेख संपवितो. शनिवारी दुपारी खिडक्या बंद ठेवण्याच्या अटीवर त्याला व त्याच्या तीन सोबत्यांना एक रिकामी खोली मिळाली. चौघांत मिळून एक गिटार, एक जुना की-बोर्ड आणि धुमालमधले दोन ढोल आहेत. पहिल्या शनिवारी मी दारात उभा राहून ऐकले. वाजविणे कच्चे होते आणि गाण्याचे इंग्रजी शब्द निम्मे चुकीचे होते, माझ्या वहीतल्यासारखेच. ही खोली मार्चअखेर परीक्षांसाठी परत घेतली जाणार आहे. त्यानंतर त्यांनी कोठे जावे, याचा विचार संबंधितांनी तोपर्यंत करावा, एवढीच विनंती.